आई गाडीत बसली, हातरिक्षात नाही

आमच्या सारंगखेड्याला रेल्वे नाही. तापी आहे, तापीवरचा बॅरेज आहे, मार्गशीर्षात दत्तजयंतीला भरणारी घोड्यांची मोठी यात्रा आहे. पण आगगाडी पाहायची तर दोंडाईचा गाठावे लागते. तरीही आमच्या घरात लहानपणापासून रेल्वेचेच बोलणे, कारण वडील रेल्वेत गँगमन होते. सुरत-भुसावळ मार्गावर त्यांनी उभे आयुष्य काढले. खडी भरायची, स्लीपर बदलायचे, उन्हात तापलेला रूळ पहारीने सरळ करायचा. घरी आले की हाताच्या घट्ट्यांना तेल लावता लावता आईला म्हणत, "मुंबईकडे एक गाडी डोंगर चढते. दोन फुटांची लाईन आहे म्हणतात. एकदा तुला तिच्यात बसवतो."

वडील २०११ साली गेले. ती गाडी तेवढी दाखवायची राहून गेली.

२०२५ च्या जानेवारीतली गोष्ट. माझी थोरली मुलगी मोबाईलवर एक चित्रफीत पाहत होती. बर्फाने भरलेले डोंगर, खाली समुद्राचे काळे पाणी आणि कड्याच्या कडेने जाणारी गाडी. स्वीडनच्या किरुना गावापासून नॉर्वेच्या नार्विक बंदरापर्यंतचा तो रेल्वेमार्ग, पृथ्वीच्या पार उत्तरेला, ध्रुववृत्ताच्याही पलीकडे. आईने चष्मा लावून सगळे पाहिले आणि पहिला प्रश्न विचारला, "इतला बरफमा ही लाईन कोनी टाकी?"

मुलीने शोधून वाचून दाखवले. किरुनाच्या खाणीतले लोखंडाचे दगड बंदरावर न्यायचे होते, म्हणून १९०३ साली हा मार्ग पुरा झाला. गावोगाव फिरून रेल्वेचे काम करणारे हजारो मजूर तिथे आले. थंडीत, अंधारात, सुरुंग लावून त्यांनी डोंगर फोडला. तिकडे त्या मजुरांना 'रालार' म्हणतात आणि आजही त्यांची आठवण काढतात. आई म्हणाली, "म्हणजे तुझ्या आजोबासारखेच." मग थोड्या वेळाने मला म्हणाली, "भाऊ, तुझ्या बापाची गाडी चालू आहे का रे अजून?"

ती गाडी म्हणजे नेरळ-माथेरानची. चालू होती. आईचे वय चौऱ्याहत्तर, दोन्ही गुडघे अधू. आता नाही तर कधीच नाही, असे वाटले. धाकटी बहीण अंबरनाथला असते, तिच्याकडे मुक्काम करायचे ठरले. आईने तिच्या फॅमिली पेन्शनमधून पैसे काढून माझ्या हातावर ठेवले. "तिकीट मी काढणार," ती म्हणाली, "त्यांच्याच पैशाने जायचे."

फेब्रुवारीत आम्ही निघालो. मी, पत्नी, दोन मुली आणि आई. अंबरनाथहून पहाटेची कर्जत लोकल पकडून नेरळला उतरलो. वाचकांनी जायचे मनात आणले तर एवढे ध्यानात ठेवावे की, ही गाडी लहान, डबे थोडे, जागा मोजक्या. म्हणून लवकर जाऊन रांगेत उभे राहावे. पावसाळ्यात नेरळपासूनची गाडी बंद असते. तेव्हा फक्त वरच्या अमन लॉज ते माथेरान एवढ्या छोट्या टप्प्यात फेऱ्या चालतात.

गाडी पाहून मुली हसल्या. आपल्या नेहमीच्या मोठ्या लाईनच्या दोन रुळांतले अंतर साडेपाच फूट, हिचे फक्त दोन. आई मात्र हसली नाही. ती फलाटाच्या टोकाला जाऊन रूळ पाहत उभी राहिली. "लाईन बारीक असली तरी खडी तेवढीच लागते," असे म्हणाली आणि मग डब्यात चढली. खिडकीची जागा तिला दिली.

या गाडीची थोडी हकिगत सांगतो. १८५० साली ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट हा डोंगर चढले आणि त्यांनी माथेरानचा 'शोध' लावला असे पुस्तकांत लिहिले गेले. ठाकर, कातकरी, धनगर त्या रानात आधीपासून होते, पण त्यांच्या राहण्याला कोणी शोध म्हटले नाही. पुढे मुंबईचे साहेब आणि शेटजी उन्हाळ्यात वर जाऊ लागले. नेरळपर्यंत आगगाडी, तिथून वर तट्टू किंवा पालखी. पालखी म्हणजे माणसाच्या खांद्यावर माणूस! सर आदमजी पीरभॉय यांचे चिरंजीव अब्दुल हुसेन यांनी हा मार्ग बांधायला घेतला. १९०४ साली काम सुरू झाले, १९०७ साली गाडी धावली. त्या काळचे सुमारे १६ लाख रुपये लागले. पैसा देणाऱ्याचे नाव इतिहासात राहिले. ज्यांनी टोपल्यांनी दगड वाहिले त्यांची नावे कुठे लिहिलेली नाहीत.

नेरळ सुटले आणि गाडी सावकाश चढू लागली. वेग म्हणाल तर ताशी बारा ते वीस किलोमीटर. आमच्याकडे सायकलवाला जोर लावील तर बरोबरीने येईल. अंतर सुमारे वीस किलोमीटर, वेळ अडीच तासांहून अधिक. काही ठिकाणी वीस फूट पुढे गेले की एक फूट वर, एवढा चढ आहे. सरळ वर जाता येत नाही म्हणून गाडी डोंगराला वळसे घालत जाते. वळण एवढे आखूड की, मागच्या डब्याच्या खिडकीतून पुढचे इंजिन बाजूला दिसते. धाकटी ओरडली, "आजी, ते बघ, आपलेच इंजिन!" रूळ जवळजवळ ठेवण्याचे कारणही हेच. अरुंद गाडी आखूड वळण घेते आणि डोंगर कमी फोडावा लागतो. जुनी वाफेची इंजिने जर्मनीहून आणलेली होती. वळणावर त्यांची पुढची आणि मागची चाके थोडी सरकून रुळाबरोबर वळत. वाफेची इंजिने १९८० नंतरच्या काळात बंद झाली. आमच्या गाडीला डिझेल इंजिन होते.

जुम्मापट्टीला गाडी थांबली. समोरून उतरणारी गाडी इथे आधी जाऊ द्यावी लागते. आदिवासी बाया टोपलीत काकड्या घेऊन खिडकीशी आल्या. आईने दोन काकड्या घेतल्या आणि पैसे देताना बाईला विचारले, "घर कुठे?" बाईने खाली दरीतल्या वाडीकडे बोट केले. "रोज चढून येता?" "रोज." आईने आपल्या गुडघ्यांवर हात ठेवला आणि गप्प बसली.

जुम्मापट्टीच्या पुढे खरा डोंगर सुरू झाला. डाव्या हाताला कडा आणि उजव्या हाताला दरी, पुढच्या वळणावर उजवीकडे कडा आणि डावीकडे दरी. खाली उल्हास नदीचे खोरे पसरलेले, त्यात नेरळची घरे काड्यापेट्यांसारखी. समोर पेबचा किल्ला. आमच्या सातपुड्याच्या रांगा लांबून निळ्या दिसतात आणि जवळ गेले की उघड्या पडतात. हा सह्याद्री जवळून अंगावर येतो. खडक एवढा जवळ की हात बाहेर काढू नका म्हणून मुलींना सारखे सांगावे लागले. पुढे वॉटर पाईप नावाचे स्टेशन लागले. वाफेच्या इंजिनांना तिथे पाणी भरत. मग एक बोगदा आला. साऱ्या मार्गात एवढा एकच, तोही एवढासा की त्याला 'वन किस टनेल' असे इंग्रजी नाव पडले आहे. अंधार होतो न होतो तोच उजेड. नावाचा अर्थ मुलींनी आजीला सांगितला तेव्हा आई पदर तोंडाला लावून हसली. वडील असताना ती तशी हसे.

एका वळणावर गाडी अगदी हळू झाली. रुळाच्या कडेला चार-पाच कामगार पहारी आणि फावडी घेऊन उभे होते. गाडी जाऊ देण्यासाठी ते कड्याला पाठ लावून उभे राहिले होते. पाय टेकायला जागा म्हणाल तर वीतभर. आईने खिडकीतून हात बाहेर काढला आणि दोन्ही हात जोडले. एका पोरसवद्या कामगाराने गोंधळून हात जोडले. डब्यात बाकीचे लोक दरीचे फोटो काढत होते.

मी आईला सांगितले की हा मार्ग कितीदा तरी वाहून गेला आहे. २६ जुलै २००५ च्या पावसाने रूळ उखडले, गाडी पुन्हा सुरू व्हायला २००७ उजाडले. २०१६ मध्ये डबे घसरले म्हणून बंद पडली ती पुढे २०१८ मध्ये पूर्ण मार्गावर धावली. २०१९ च्या पावसाने पुन्हा दरडी आणल्या आणि खाली नेरळपासून गाडी सुटायला ऑक्टोबर २०२२ आला. दर वेळी कोणीतरी या वीतभर जागेवर उभे राहून लाईन पुन्हा बसवली. पूर्वी तर गाडी उतरताना डब्यांच्या मधे ब्रेक पोर्टर बसत आणि इंजिनाची शिट्टी ऐकून हाताने ब्रेकचे चाक आवळत. आई म्हणाली, "मग यांच्याच हातात गाडी होती म्हण की."

अमन लॉज आले. मोटारींना इथपर्यंतच परवानगी, जवळच दस्तुरी नाका आहे. पुढे गावात मोटार नाही. हा सारा भाग २००३ साली पर्यावरणाच्या दृष्टीने संवेदनशील म्हणून जाहीर झाला आहे. म्हणून हवा स्वच्छ, आवाज पाखरांचा आणि माकडांचा. तांबड्या मातीतून, दाट झाडीतून शेवटचा टप्पा पार करून गाडी माथेरानला थांबली. समुद्रसपाटीपासून सुमारे आठशे मीटर. आई उतरली, फलाटावर उभी राहिली, मागे वळून गाडीकडे पाहिले आणि म्हणाली, "झाले. त्यांचा शब्द पुरा झाला."

इथपर्यंत सगळे आनंदाचे. पुढची गोष्ट सांगायला थोडी लाज वाटते, पण सांगितली पाहिजे.

अडीच तास एका जागी बसून आईचे गुडघे आखडले होते. आमची उतरायची जागा बाजारापलीकडे होती. ई-रिक्षा तेव्हा थोड्या होत्या आणि समोर एकही नव्हती. घोडे होते. ज्या गावात हजारो घोडे विकले जातात त्या गावची आई, पण घोड्यावर कधी बसलेली नाही. यात्रेत आमच्या लोकांच्या वाट्याला घोड्यांचे गवत आणि लीद आली, पाठ आली नाही. या वयात तिला घोड्यावर चढवणे शक्यच नव्हते. राहिली ती हातरिक्षा. दोन चाके, वर खुर्ची, पुढे दोन दांडे. एक माणूस दांडे धरून ओढतो, चढ आला की मागून आणखी एकदोघे रेटतात.

पंचविशीतला एक मुलगा पुढे आला. त्याने भाडे सांगितले. मी नेहमीच्या सवयीने घासाघीस सुरू केली. बाजारात वांगी घेताना करतो तशी! वस्तीत समतेवर भाषणे देणारा मी, एका माणसाने माझ्या आईला ओढण्याची किंमत पन्नास रुपयांनी कमी करून घेत होतो. सौदा ठरला. मी आईचा हात धरून म्हणालो, "चल, बस."

आई हलली नाही. रिक्षाच्या दांड्यांकडे पाहत म्हणाली, "मानूस मानूसले वढस, अनि मी वर बसू? माले नही बसनं."

मी समजावले. गुडघे, अंतर, चढ, सगळे सांगितले. तेव्हा ती सगळ्यांदेखत म्हणाली, "माझा बाप वेठीला होता. मामलेदार गावात आला की त्याच्या घोड्यापुढे धावायचा. सामान डोक्यावर, पायात वहाण नाही. मी लहान होते, पण मला त्याच्या छातीचा आवाज आठवतो. त्याची लेक माणसाच्या हातावर बसून फिरली, तर तो काय म्हणेल?"

मी निरुत्तर झालो. पण तो मुलगा निरुत्तर झाला नाही. तो अगदी हळू म्हणाला, "आजी, तुमचे खरे आहे. पण तुम्ही नाही बसलात तर माझी आजची फेरी गेली. आम्ही हौसेने ओढत नाही."

वाचकहो, या एका वाक्याने माझी सगळी भाषणे थांबली. बसावे तर माणुसकी जाते, न बसावे तर त्याच्या घरची चूल अडते. कोणते खरे? दोन्ही खरेच होते.

शेवटी वाट आईनेच काढली. आमच्या पिशव्या रिक्षात ठेवल्या. मुलाला म्हणाली, "ठरले तेवढे पैसे घे. आधी सांगितलेले, याने कमी केलेले नाही. सामान तू ने. मी रिक्षा धरून चालते." आणि मागची कड धरून ती चालू लागली. दहा पावले, मग थांबायचे. पुन्हा दहा पावले. मुलगा तिच्या चालीने चालला, एकदाही घाई केली नाही. थांबली की तोही थांबे, आणि झाडांची नावे सांगे. हा हिरडा, हे जांभूळ, ही अंजनी. पंधरा मिनिटांच्या वाटेला आम्हाला पाऊण तास लागला. मी पाठीमागून चालत होतो. तांबड्या धुळीत दोघांची पावले उमटत होती, एकाची दोन आणि आईची अडखळती.

त्या रात्री आईचे गुडघे सुजले. दुसऱ्या दिवशी एकही पॉईंट तिने पाहिला नाही. आम्ही आलळीपाळीने फिरून आलो आणि दुपारच्या गाडीने खाली उतरलो. खर्च करून माथेरानला जाऊन आईने पाहिली ती फक्त गाडी. तिला त्याचे काहीच वाटले नाही.

परतताना मला चाळीसगाव आठवले. आपल्या खानदेशातले. १९२९ साली बाबासाहेब धुळ्याकडचे काम आटोपून चाळीसगाव स्टेशनवर उतरले. वस्तीत त्यांना न्यायला टांगा हवा होता, पण अस्पृश्याला बसवून टांगा हाकायला एकही टांगेवाला तयार होईना. पाहुण्याला पायी कसे न्यायचे म्हणून आपल्या लोकांनी टांगा भाड्याने घेतला आणि हाकायची सवय नसलेला आपलाच माणूस पुढे बसवला. नदीवरच्या मोरीवर चाक अडकले, बाबासाहेब दगडांवर फेकले गेले आणि त्यांचा पाय मोडला. ही हकिगत त्यांनी स्वतः लिहून ठेवली आहे. बॅरिस्टर झालेल्या माणसालाही टांगेवाला आपल्यापेक्षा हलका मानतो, हे त्यांनी त्यातून दाखवले. ज्या वेठीत माझे आजोबा धावले, ती वेठ लादणाऱ्या महार वतनाविरुद्ध त्यांनी १९२८ सालीच मुंबई कायदेमंडळात विधेयक आणले होते. वतने कायद्याने गेली ती १९५८ नंतर.

एकेकाळी आपल्याला कोणी गाडीत बसवत नव्हते. आज खिशात चार पैसे आले तर आपण दुसऱ्याच्या जिवावर बसायला निघालो, आणि तेही घासाघीस करून. ही जागा बदलणे म्हणजे समता नव्हे, हे मला आईने दांड्याला हात न लावता शिकवले.

ऑगस्टमध्ये बातमी आली. ६ ऑगस्ट २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने माथेरानच्या हातरिक्षा सहा महिन्यांत टप्प्याटप्प्याने बंद करण्याचा आदेश दिला. तेव्हाचे सरन्यायाधीश भूषण गवई त्या खंडपीठावर होते. माणसाने माणसाला ओढणे ही प्रथा अमानुष असून राज्यघटनेच्या सामाजिक व आर्थिक न्यायाच्या वचनाशी विसंगत आहे, असे न्यायालयाने म्हटले. सायकलरिक्षा ओढणाऱ्यांच्या प्रश्नावर याच न्यायालयाने १९८० साली निकाल दिला होता, त्याला पंचेचाळीस वर्षे झाली तरी हे चालूच राहिले याबद्दल खेद व्यक्त केला.

मला या आदेशाचा दुसरा भाग अधिक मोलाचा वाटतो. गुजरातेतल्या केवडियाच्या धर्तीवर शासनाने ई-रिक्षा घ्याव्यात आणि ज्यांनी खरोखर हातरिक्षा ओढल्या त्यांनाच त्या भाड्याने चालवायला द्याव्यात, पैसा नाही ही सबब चालणार नाही, असे त्यात आहे. केवडिया म्हणजे सरदार सरोवराच्या काठचे. आमच्या नंदुरबार जिल्ह्यातली अक्राणी-अक्कलकुव्याची गावे त्याच पाण्याखाली गेली, म्हणून पुनर्वसन हा शब्द आम्ही फार जपून ऐकतो. नुसती बंदी आली असती तर त्या मुलाची फेरी कायमची गेली असती. दांडे सुटावेत, पण त्या हातात दुसरे काहीतरी यावे. माथेरानच्या गाडीने १९०७ साली डोंगराची वीस किलोमीटर वाट माणसाच्या खांद्यावरून उतरवली. स्टेशनपासून पुढची वाट उतरवा असे सांगायला आणखी एकशे अठरा वर्षे लागली.

मी बातमी आईला वाचून दाखवली. तिने ऐकून घेतली आणि विचारले, "त्या पोराला गाडी मिळेल ना रे? त्याचे नाव काय होते?"

पाऊण तास आम्ही त्याच्याबरोबर चाललो. झाडांची नावे त्याने आम्हाला सांगितली. त्याचे नाव विचारायचे मला सुचले नव्हते.

म्हणून वाचकांना एवढीच विनंती. माथेरानला जरूर जा. आपल्या कष्टकरी घरांनीही डोंगर पाहावा, गाडीत बसावे, मुलांना वळणावरचे इंजिन दाखवावे. रुळाच्या कडेला कामगार उभे दिसले तर हात करा. वर गेल्यावर पाय चालत असतील तर चाला, आणि ई-रिक्षात बसलात तर चालवणाऱ्याला विचारा की, बाबा, पूर्वी तू काय करत होतास, आणि ही गाडी तुला मिळाली का? त्याआधी त्याचे नाव विचारा.

जयभीम.